तुकड्या-तुकड्यांचं लग्न

सकाळी पहिला आहेर आला तेव्हाच कोणाच्या तरी लक्षात यायला हवं होतं. पण पंजाबरावांच्या अंगणात त्या दिवशी भानावर होतं कोण! केनवडात मुंबईचे टीव्हीवाले आले होते. जांभळीच्या डहाळ्यांचा हिरवागार मांडव पडला होता, रिसोडचा बँड येऊन दोनदा चहा पिऊन बसला होता, आणि या सगळ्याच्या मधोमध पंजाबरावांची विजयमाला नवरीचा शालू नेसून, तोंडाला मुंबईचा रंग चोपडून खुर्चीवर बसली होती. खरी नवरी नव्हे, टीव्हीतली.

तिची आत्या केशरबाई दिवस उगवायच्या आत तीन गल्ल्या ओलांडून भावाच्या घरी आली होती. आल्यापासून तिचा एक पाय चुलीशी आणि एक पाय मांडवात. कॅमेरा म्हणजे काय ते पाहावं म्हणून ती बाहेर जाई, कॅमेरावाला उदयसिंग "बाई, तार ओलांडू नका" म्हणून ओरडे, की ती परत आत. आत पोळ्या करपत आणि प्रयागवहिनी ओरडे. दोन्हीकडून ओरडा खाऊनही केशरबाईचं तोंड काही केल्या मिटत नव्हतं. हसू नुसतं सांडत होतं.

आहेराचं असं झालं. टीव्हीच्या निर्मात्या विमलबाई, जाड भिंगाच्या, सुती पातळाच्या आणि कायम घाईतल्या, त्यांनी आदल्या दिवशी पंजाबरावांना सांगितलं होतं, "गाव भरून माणसं हवीत. खऱ्या लग्नाला येतात तशी यायला हवीत." पंजाबराव हा माणूस सांगितलेलं काम अर्धवट करणाऱ्यांतला नव्हे. त्यांनी घरोघर अक्षत फिरवली. आता घरी अक्षत आल्यावर केनवडचा माणूस हात हलवत जाईल काय? पहिली बाई खण-नारळ घेऊन आली. प्रयागबाईनं सवयीनं तिला कुंकू लावलं आणि खण ठेवून घेतला. मग टोपी-दुपट्टा आला, मग पितळी तांब्या आला, आणि दहा वाजेतो ओसरीवरची डाली काठोकाठ भरली. विमलबाई ते पाहून खूश झाल्या. "किती नैसर्गिक!" म्हणाल्या. त्यांना वाटलं, गावानं सोंग छान वठवलंय. गावाला सोंग वगैरे काही ठाऊक नव्हतं. गाव लग्नाला आलं होतं.

केशरबाईला मात्र आज काय आहे ते नीट माहीत होतं. विजयमालेची मुंबईहून येणारी प्रत्येक चिठ्ठी तिचा नवरा दौलतराव तिला वाचून दाखवी, आणि न कळल्यास दोनदा. मुंबईत टीव्ही सुरू झाला तेव्हा विजयमाला तिकडे टेलिफोनच्या कचेरीत कामाला होती. शेतीच्या कार्यक्रमाला खेड्याची बोली येणारी बाई हवी होती, ते काम हिनं शोधलं नव्हतं, हीच त्यांना सापडली. तेव्हापासून चार वर्षं ती शेतकऱ्याची बायको होती. बियाण्याला औषध कसं चोळायचं, गाईला लस कधी द्यायची, युरिया किती टाकायचा, हे ती रंगवलेल्या चुलीपुढे बसून नवऱ्याला विचारी आणि नवरा सांगे. चार वर्षांत नवरे अकरा झाले, लुगडं मात्र तेच राहिलं. अधूनमधून एखाद्या नाटकात ती नर्स होई, नाहीतर शेजारीण होऊन वाटीभर साखर मागून जाई. कार्यक्रम संपताना नावं येत. वेळ पुरला तर हिचं येई, नाही पुरला तर कापलं जाई. सव्वाशेवर कार्यक्रम झाले होते पोरीचे, आणि रस्त्यात तिला कोणी ओळखत नव्हतं.

आणि आता हे आलं होतं. तीन भागांची गोष्ट, वऱ्हाडातल्या मुलीची, आणि ती मुलगी विजयमाला. पहिल्यापासून शेवटपर्यंत तीच. "आत्या, यात मी कोणाला काहीच विचारत नाही. मलाच सगळे विचारतात," असं तिनं लिहिलं होतं. ते वाक्य दौलतरावांनी तीनदा वाचलं होतं.

सगळं सुरळीत चाललं होतं, आणि तेवढ्यात ज्ञानबा आला. नकटीच्या लग्नाला सतराशे विघ्नं म्हणतात. इथे नवरी चांगली नाकेली होती, तरी विघ्न आलंच.

ज्ञानबा म्हणजे पंजाबरावांचा चुलतभाऊ. विजयमालेसाठी धनजचं स्थळ त्यानंच आणलं होतं. मुलगा शाळामास्तर, घर चांगलं, सोमवारी माणसं पाहायला येणार होती. ज्ञानबानं मांडव पाहिला, बँड पाहिला, डालीतला आहेर पाहिला आणि शेवटी शालिग्राम महाराजांना पाटावर बसून अंतरपाटाच्या घड्या उलगडताना पाहिलं. तो ओसरीच्या पायरीवरच थांबला.

"पंजाबदादा, महाराज काय करून राह्यले अथी?"

"अरे, टीव्हीत लगन लावून राह्यले न पोरीचं."

"मंगलाष्टकं म्हनतीन?"

"म्हनतीन त. लगन हाय म्हटल्यावर!"

"अन् गाव अक्षता टाकन?"

"म्हून तं बलावलं."

ज्ञानबानं खांद्यावरचा दुपट्टा काढून मांडीवर घेतला. तो दुपट्टा मांडीवर आला की काहीतरी जड बोलणं निघतं हे घरात सगळ्यांना माहीत होतं.

"दादा, बाईच्या जातीले लगन एकच राह्यते. भटानं म्हटलं, अंतरपाट उतरला, गावानं अक्षता टाकल्या, का झालं लगन. खेळात झालं का खऱ्यात झालं, कोन पुसते? अक्षत घरोघर तूच फिरवली. आहेर तूच घेतला. आता सोमवारी धनजवाले येतीन, त्याहिले काय सांगशीन? पोरीचं लगन झालं, आता तुमी हिले पाट लावून न्या म्हून?"

पाट हा शब्द आला. प्रयागबाई हातातला तांब्या घेऊन तशीच उभी राहिली. पंजाबरावांनी मान फिरवली. कारण केशरबाई दारातच उभी होती, आणि त्या घरात तिच्यासमोर तो शब्द कोणी काढत नसे.

सहा वर्षांची असताना तिचं लग्न झालं होतं. मामाच्या कडेवर झोपली होती म्हणे. आठव्या वर्षी नवरा गेला, त्याचं तोंडही तिला आठवत नव्हतं. मग अठराव्या वर्षी बायको वारलेल्या दौलतरावाशी तिचा पाट, म्हणजे विधवेचं दुसरं लग्न, लागला. पाट लावायचा तो अंधारात, घरामागे, बँड नाही, मांडव नाही, सवाष्णींनी पुढे यायचं नाही. बाप नव्हता म्हणून पंजाबदादानंच तिला हाताला धरून नेलं होतं, आणि सोडून मागे न पाहता परत आला होता. अठ्ठावीस वर्षं संसार सोन्यासारखा झाला. पण गावात कुठे हळद लागली की केशरबाई सैपाकघरातच बसे. पाटाच्या बाईनं नवरीला हळद लावायची नसते.

"बोलला तं बोलला," केशरबाईच बोलली. "कायले सगळे मुके झाले? पोरीचं काय ते पाहा."

पण पंजाबराव आता पाहायच्या पलीकडे गेले होते. सकाळपासून बँडवाल्यांच्या पुढे पुढे करणारा माणूस एकदम दगड झाला. ते विमलबाईंपुढे गेले आणि म्हणाले, "बाई, हे लगन होनार नाही."

विमलबाईंना आधी कळेचना. कळलं तेव्हा हसू आलं, आणि पंजाबरावांचं तोंड पाहून ते विरलं. "अहो, पण हे नाटक आहे! चार वर्षांत हिचे अकरा नवरे झाले की."

"थे बोलाचे नवरे होते," ज्ञानबा मागून म्हणाला. "त्याहिच्यावर अक्षता नाही पडल्या."

"पंजाबराव, कॅमेरा मला आजच्यापुरता मिळालाय. संध्याकाळी जीप अकोल्याला निघाली पाहिजे. आज लग्न झालं नाही तर मी इथलं सगळं रद्द करून मुंबईत पडद्यासमोर करीन, आणि तिथं ही भूमिका दुसऱ्या मुलीला देतील. ती आधीच टपून बसलीय. विजयासाठी मी भांडून आणलीय ही गोष्ट. पुन्हा भांडून कोणी ऐकायचं नाही माझं."

हे ऐकून विजयमाला खुर्चीवरून उठली. रंगाखाली तिचा चेहरा काय झाला ते दिसत नव्हतं, पण शालूचा काठ तिनं मुठीत धरला होता. लहानपणी रडू आवरायचं असलं की ती परकराचा काठ असाच धरी. ही पोर पुन्हा युरिया सांगत बसणार, वाटीभर साखर मागत फिरणार, आणि का? तर ज्ञानबाच्या मांडीवर दुपट्टा आला म्हणून!

"वहिनी, तू तरी बोल दादाले," ती प्रयागबाईला म्हणाली.

"मी काय बोलू माय? सोयरीक मोडली तं मलेच बोलतीन."

म्हणजे वहिनीही गेली तिकडे. केशरबाईनं पदर खोचला आणि सरळ शालिग्राम महाराजांपुढे जाऊन बसली. "महाराज, तुमीच सांगा. लगन कशानं लागते?"

महाराजांना आयुष्यात एवढे श्रोते कधी मिळाले नव्हते. त्यांनी घसा साफ केला. "शास्त्र पाहू गेलं तर फार लांब जातं. सप्तपदी आहे, लाजाहोम आहे. पण आपल्याकडे लोकांच्या मते तीन गोष्टी. अंतरपाट धरला पाहिजे, मंगलाष्टकं झाली पाहिजेत आणि लोकांच्या अक्षता पडल्या पाहिजेत."

"तिन्ही?"

"तिन्ही. एकाच वेळेला, एकाच जागी."

"अन् एखादी नसली तं?"

महाराजांनी ज्ञानबाकडे पाहिलं, मग पंजाबरावांकडे पाहिलं, मग दक्षिणा देणार होत्या त्या विमलबाईंकडे पाहिलं. "एक जरी उणी असली तरी लग्न नव्हे. नुसत्या अक्षता तर आपण मुंजीतही टाकतो."

"मग झालंच की!" विजयमाला एकदम ओरडली. "बाबा, अहो असं एका दमात लगन कुठी राह्यते टीव्हीत! सगळं तुकड्या-तुकड्यानं घेतात. माह्या तोंडावर कॅमेरा लावतीन तवा पुढे नवरदेवच नाही राहाचा, अंतरपाट नाही राहाचा, महाराज तिकडे चहा पीत बसतीन. आवाज मागून जोडतात. मी नुसती उभी राहीन अन् वरून कोनी मूठभर अक्षता टाकन. लगन लागनच नाही माह्यावर. तुकडे लागतीन."

ज्ञानबा विचारात पडला. त्यानं मनातल्या मनात तिन्ही वस्तू मोजल्या असाव्यात. दुपट्टा मांडीवरून पुन्हा खांद्यावर गेला. केशरबाईला वाटलं, जिंकलं.

"तुझा चेहरा असा घेता येईल," विमलबाई म्हणाल्या, "पण दुरून अख्खा मांडव एकदा दिसायलाच हवा. गाव, बँड, अंतरपाट, अक्षतांचा पाऊस, सगळं एकत्र. त्यासाठी तर मी इथवर आले. ते तुकड्यांनी नाही होत."

"दुरून म्हणजे तोंड दिसन का?" केशरबाईनं विचारलं.

"नाही. डोक्यावरून पदर, वर मुंडावळ्या. कोणीही उभं राहिलं तरी चालेल, बांधा सारखा असला म्हणजे झालं."

मग कोण उभं राहणार यावर तिथल्या तिथे सभा भरली. कुमारी पोर चालणार नाही, तिचंही लग्न खर्च होईल. लग्नाची बाई चालणार नाही, परक्या माणसासमोर अंतरपाटाला कोणता नवरा उभं राहू देईल? मग नवरा-बायकोच उभे करा, असं बँडमधला क्लॅरिनेटवाला म्हणाला, आणि सगळ्यांच्या नजरा पंजाबराव-प्रयागबाईकडे वळल्या. प्रयागबाई दोन पावलं मागे सरली. "नाही माय! मी एक डाव केलं थेच लय झालं."

मांडव हसला. त्या हसण्यातच केशरबाई बोलली. आपण बोलणार आहोत हे तिलाही ठाऊक नव्हतं.

"मी राह्यतो उभी."

हसू थांबलं.

"काव केशर," ज्ञानबा म्हणाला, "तुहा तं पाट..."

"तेच तं सांगून राह्यली. तूच म्हनला न, बाईले लगन एकच राह्यते? माह्यं तं सहाव्या वर्सीच खर्ची पडलं. माह्या मालकाचं पयल्या बायकोसंगं गेलं. दोघाजवळही शिल्लक काहीच नाही. मंग आमाले कायचं भेव? सोमवारी आमाले पाहाले कोनी येऊन राह्यलं का?"

ज्ञानबाचा दुपट्टा मांडीकडे निघाला आणि अर्ध्यातूनच परत गेला. त्याच्याच कायद्यानं त्याला बांधलं होतं, गाठ कुठून सोडावी ते त्याला सापडेना.

दौलतराव मागे बैलांच्या गोठ्याशी बिडी ओढत होते. कोणीतरी त्यांना हाक मारली. त्यांना सगळं सांगण्यात आलं. पन्नाशीचा तो कमी बोलणारा माणूस बायकोकडे पाहत राहिला. नाही म्हणाले तर? गावासमोर हसं होईल म्हणाले तर?

"धुतली टोपी हाय का घरी?" दौलतरावांनी विचारलं.

"हाय."

"मंग काय! लावा."

पुढचा तास कसा गेला ते केशरबाईला पुढे कधीच सलग सांगता आलं नाही. विजयमालेनं स्वतःचा शालू उतरवून आत्याला नेसवला. विमलबाई म्हणत होत्या की हळदीची गरज नाही, चित्र काळं-पांढरं असतं, पिवळं काही दिसत नाही. प्रयागबाईनं ते ऐकलंच नाही. तिनं वाटीत हळद कालवली आणि केशरबाईच्या पुढ्यात येऊन बसली. मग बसून राहिली.

"वहिनी, चालते का असं?" केशरबाई हळूच म्हणाली.

"मले नाही मालूम चालते का नाही," प्रयागबाई म्हणाली. "तुह्या वक्ताले मी घरात होतो. दार आतून लावलं होतं सासूबाईनं. मी फटीतून पाहाचा परयत्न केला, पन काहीच दिसलं नाही. आता मले कोनी अडवाचं नाही."

आणि तिनं नणंदेच्या गालाला हळद लावली. मग शेजारणीनं लावली. मग रांगच लागली. केशरबाईनं डोळे मिटून घेतले, नाहीतर हळद धुऊन गेली असती.

मांडवात तिला विजयमालेनं हाताला धरून आणलं. "आत्या, मान खाली. हलू नको. कॅमेऱ्याकडे पाहू नको." पलीकडे दौलतराव धुतलेली टोपी आणि नवरदेव व्हायला आलेल्या मुंबईच्या नटाचा फेटा, दोन्ही एकावर एक घालून उभे होते. फेटा उतरवा म्हणायची कोणाची छाती झाली नाही. मधे अंतरपाट धरला गेला. बायका-पोरांच्या मुठीमुठीत लाल रंगवलेली ज्वारी होती. फक्त पंजाबराव मांडवात आले नाहीत. केशरबाईनं पदराच्या आडून पाहिलं, दादा कडब्याच्या गंजीला टेकून पाठमोरा उभा होता.

उदयसिंगनं हात वर केला. महाराजांनी सूर लावला. आणि केशरबाई ऐकत राहिली. आजवर तिनं मंगलाष्टकं ऐकली होती ती सगळी भिंतीच्या आतून, भांडी घासता घासता. आज ती तिच्या डोक्यावर म्हटली जात होती, भर दुपारी, लख्ख उन्हात. "सावधान" आलं की गाव अक्षता टाकी, आणि त्या पदरावर टपटप वाजत. प्रत्येक वेळी तिला वाटे, आता पुरे, आता मला सोसणार नाही, आणि प्रत्येक वेळी वाटे, अजून एकदा. शेवटचं सावधान झालं. बँड फुटला. अंतरपाट उतरला. समोर दौलतराव. त्यांच्या मिशीवर दोन दाणे अडकले होते, आणि ते तिच्याकडे असे पाहत होते जसं कोणी पहिल्यांदा पाहतं.

मान खाली, हे ती साफ विसरली. तिनं तोंड वर केलं. हसू आलं की रडू आलं, तिचं तिलाच कळलं नाही.

"कट!" उदयसिंग ओरडला. "बाईंनी वर पाहिलं!"

"राहू दे," विमलबाई म्हणाल्या. "राहू दे. दुरून कळत नाही." पण त्या चष्मा पुसत होत्या.

मग शालू पुन्हा विजयमालेच्या अंगावर गेला, आणि तिच्या चेहऱ्याचा तुकडा घ्यायची वेळ आली. इथे नवीनच अडचण निघाली. विमलबाईंनी दोनदा रंगीत तालीम करून पाहिली आणि दोन्ही वेळा मान हलवली. "विजया, छान दिसतेस. पण तू अजून युरिया सांगतेयस."

चार वर्षं सगळ्यांना समजेल असं, गोड हसून बोलायची सवय लागलेला चेहरा तो. त्याला दुसरं काही आठवत नव्हतं. रीळ थोडंच उरलं होतं. उदयसिंगनं सांगून टाकलं, एकदाच होईल, फार तर दीडदा. विमलबाईंनी घड्याळ पाहिलं. केशरबाईनं अक्षतांची परात कडेवर घेतली आणि श्वास धरून पाहत राहिली. एवढं सगळं करून पोरीचं काम इथे अडणार काय?

विजयमालेनं आत्याकडे पाहिलं. नुसतं पाहिलं नाही, बाजारात बैल पारखतात तसं नीट, वेळ घेऊन पाहिलं. मग डोळे मिटले, आणि म्हणाली, "घ्या."

कॅमेरा घरघरला. प्रयागबाईनं वरून मूठभर अक्षता सोडल्या. विजयमालेची मान खाली होती. मग ती वर आली, हळू नाही, एकदम, जणू कोणी नको म्हटलेलं ती विसरली. ओठ थोडे उघडे राहिले. एका डोळ्यातून पाणी आलं आणि ते गालावर पोचायच्या आधी तिला हसू फुटलं, आणि त्या हसण्याचा तिलाच धक्का बसल्यासारखा झाला.

"अव माय," मागून एक बाई कुजबुजली, "हे तं केशर हाय!"

केशरबाईला कोणी सांगायची गरज नव्हती. स्वतःचं तोंड तिनं पाहिलं नव्हतं, पण मघा ते आतून कसं लागलं होतं ते तिच्या गालांना अजून आठवत होतं. पोरीनं तेच उचललं होतं, दाणा न सांडता. पोरगी चार वर्षं मुंबईत काय करते हे तिला आज, या घडीला कळलं.

उदयसिंग कॅमेऱ्यातून डोळा काढून म्हणाला, "झालं. पुन्हा घ्यायचं कारणच नाही."

विमलबाईंनी विजयमालेला मिठी मारली, रंग त्यांच्या पातळाला लागला तरी. "बुधवारी स्टुडिओत हजर राहा. दुसऱ्या भागाची तालीम आहे. आणि या वेळी नाव मोठ्या अक्षरात, सुरुवातीलाच. मी बघते कोण कापतं ते." विजयमाला लहान पोरीसारखी नाचली, आणि बँडवाल्यांनी कोणी न सांगता वाजवायला घेतलं.

"बुधवारी?" ज्ञानबा म्हणाला. "अन् सोमवारी धनजवाले येतीन त्याचं काय?"

"येऊ द्या न काका," विजयमाला म्हणाली. "सोमवारी त्याहिले भेटतो. मंगळवारी गाडीत बसतो. त्याहिले सांगून ठेवा, पोरगी कोरी हाय, पन कामाची हाय."

ज्ञानबालाही हसू आवरलं नाही.

सामान बांधायला सुरुवात झाली. कॅमेरा पेटीत गेला, तारा गुंडाळल्या गेल्या, नटाचा फेटा दौलतरावांच्या डोक्यावरून मागून घेण्यात आला. माणसं पंगतीला बसायला लागली. केशरबाई केसांतून अक्षता झटकत होती, आणि तेव्हा पंजाबराव गंजीकडून चालत आले. त्यांची उजवी मूठ बंद होती. सकाळी गावाला वाटल्या तेव्हा त्यांनीही आपल्या वाट्याच्या अक्षता घेतल्या होत्या, आणि दिवसभर त्या तशाच धरून ठेवल्या होत्या. बोटांच्या फटीतून लाल रंग उतरला होता.

ते बहिणीसमोर आणि दौलतरावांसमोर उभे राहिले. "त्या राती," एवढंच म्हणाले, "म्या आनल्याच नव्हत्या." आणि त्यांनी मूठ दोघांच्या डोक्यावर उघडली. दाणे ओलसर झाले होते, चारदोन पडले, बाकीचे तळहाताला चिकटून राहिले. ते दुसऱ्या हातानं खरडून काढायला लागले.

केशरबाईनं भावाचा हात धरला.

"एवढ्याच दादा?" ती म्हणाली. ती हसतच होती. "अठ्ठावीस वर्सांच्या टाक न."

प्रयागबाईनं अक्षतांची परात उचलली आणि नवऱ्यापुढे धरली.